परदेशी सौदा, लवादाचे कलम आणि आपली सही

डोळखांबच्या कापडदुकानदाराने आंतरराष्ट्रीय लवादावर लेख लिहावा, याचे काही वाचकांना हसू येईल. आमचे गिऱ्हाईक शहापूर आणि मुरबाड तालुक्यांतल्या खेड्यापाड्यांतले. त्याला लग्नाचा बस्ता हवा असतो, मुलांच्या शाळेचा गणवेश हवा असतो, भाताचे पैसे हातात आले की घरच्या बायकांसाठी लुगडी हवी असतात. लंडन, पॅरिस, सिंगापूरशी त्याचा काय संबंध?

पण आमचा माल येतो भिवंडीहून. डोळखांबहून एस.टी.ने शहापूर, आसनगावला लोकल धरून कल्याण आणि तिथून भिवंडी, हा रस्ता आम्ही तीस वर्षांहून अधिक काळ तुडवत आलो आहोत. तिथल्या मागांवर निघालेला एक ताका आमच्या दुकानात येतो आणि त्याच मागावरचा दुसरा ताका समुद्रापार जातो. कापड, जरीकाम, चामडे, सुका मेवा, मसाले, तांदूळ अशा धंद्यांत आपले अनेक बांधव परदेशाशी व्यवहार करतात. कोणी थेट करतो, कोणी मुंबईच्या निर्यातदारामार्फत, तर कोणी आखातात राहणाऱ्या नातेवाइकाच्या भरवशावर. सौदा सुरळीत चालला आहे तोवर कागद कोणी वाचत नाही. सौदा बिघडला की मात्र कागदाशिवाय हातात काहीच राहत नाही. हे आम्ही स्वतःचे पैसे घालवून शिकलो. इतरांचे जाऊ नयेत म्हणून हा लेख.

आम्ही कुठे चुकलो

२००८ सालची गोष्ट. भिवंडीत आमच्या मावसभावाचे माग आहेत. त्यांना आखातातील एका व्यापाऱ्याकडून सुती कापडाची मागणी आली. भांडवल कमी पडत होते म्हणून आम्ही त्यात पैसे घातले. पहिल्या दोन खेपांचे पैसे वेळेवर आले. तिसऱ्या खेपेला कंटेनर पोचल्यावर तिकडून निरोप आला की पन्हा कमी आहे, पिक कमी आहे, काही ताक्यांवर तेलाचे डाग आहेत. सबब एक तृतीयांश रक्कम कापून घेत आहोत. आमच्या हिशेबाने ती रक्कम अकरा लाखांच्या आसपास होती.

माल चांगला होता, असे आम्ही आजही म्हणू. पण ते सिद्ध कशाने करणार? माल रवाना होण्यापूर्वी तिऱ्हाईताकडून तपासणी करून घेतली नव्हती. दोघांच्या सहीशिक्क्याचा नमुना जपून ठेवला नव्हता. भाव ठरला होता फोनवर. लेखी म्हणावा असा एकच कागद होता, तो म्हणजे खरीददाराने पाठवलेला आणि मावसभावांनी सही करून परत धाडलेला ऑर्डरचा कागद. तो घेऊन आम्ही मुंबईच्या एका वकिलांकडे गेलो. वकीलसाहेबांनी कागद उलटा केला, चष्मा लावला आणि मागची बारीक छपाई आम्हाला वाचून दाखवली. सर्व वाद लंडन येथे तीन लवादांपुढे चालतील, इंग्लंडचा कायदा लागू राहील. आमच्यापैकी कोणीही ती बाजू कधी वाचली नव्हती.

आम्ही म्हटले, ठीक आहे, ठाणे जिल्हा न्यायालयात दावा लावू. वकीलसाहेब म्हणाले, लावू शकता, पण समोरचा हे कलम दाखवील आणि न्यायालय तुम्हाला लंडनलाच जायला सांगेल. लंडनला तीन लवादांची फी, वकिलांची फी आणि येण्याजाण्याचा खर्च धरला तर तो अकरा लाखांच्या पुढे जात होता. सोळा लाख खर्चून अकरा लाख मिळवायला कोण जाणार? आम्ही गप्प बसलो. मावसभावांना चार माग विकावे लागले. समोरचा व्यापारी वाईट होता की नाही, हे अल्लाह जाणे. आमच्या अडाणीपणाचा मात्र त्याने फायदा घेतला, आणि तो घेण्याची सोय आम्हीच सही करून त्याला दिली होती.

पंच, सालिस आणि लवाद

लवाद ही काही विलायतेहून आलेली नवलाई नाही. आपल्या बाजारपेठांत दोन व्यापाऱ्यांचे बिनसले की एखाद्या जाणत्या माणसाला मध्ये घालत. आम्ही उर्दू शाळेत शिकलो, तिथे त्याला सालिस म्हणत. मराठीत पंच किंवा लवाद. सालिस दोघांचे ऐकून घेई, माल पाही, वही पाही आणि फैसला देई. तो फैसला मोडणाऱ्याशी बाजार व्यवहार करीत नसे. त्या फैसल्यामागे बाजाराचा वचक होता. आजच्या लवादामागे कायदा आहे.

आपल्या देशात पूर्वी १९४० चा लवाद कायदा होता. त्याच्या जागी लवाद व समेट कायदा, १९९६ आला आणि तो २२ ऑगस्ट १९९६ पासून लागू झाला. संयुक्त राष्ट्रांच्या व्यापार कायदा आयोगाने १९८५ साली तयार केलेल्या नमुना कायद्यावर तो बेतलेला आहे. त्यामुळे इतर अनेक देशांतले कायदे त्याच्याशी मिळतेजुळते आहेत. २०१५, २०१९ आणि २०२१ साली त्यात दुरुस्त्या झाल्या.

या कायद्यातली एक गोष्ट आपल्या वाचकांनी मुद्दाम ध्यानात ठेवावी. व्यापारी वादातला एक पक्ष परदेशी नागरिक किंवा परदेशी कंपनी असेल तर तो लवाद आंतरराष्ट्रीय ठरतो, हे कोणालाही समजेल. परंतु एक पक्ष नेहमी परदेशात वास्तव्य करणारा असेल तरीही तो आंतरराष्ट्रीयच ठरतो. म्हणजे वर्षानुवर्षे दुबईत किंवा मस्कतला स्थायिक असलेल्या आपल्या भाच्याशी केलेला मालाचा सौदासुद्धा, भाच्याचा पासपोर्ट हिंदुस्थानी असला तरी, या व्याख्येत बसू शकतो. अशा वादात लवाद नेमण्यावरून अडले तर अर्ज मुंबई उच्च न्यायालयात नव्हे, सर्वोच्च न्यायालयात करावा लागतो. घरातलाच मामला आहे, कागद कशाला, असे म्हणणाऱ्यांनी याचा विचार करावा.

हुकूमनामा आणि निवाडा

कोर्ट आहे तर लवाद कशाला, असा प्रश्न आम्हालाही पडला होता. त्याचे उत्तर समुद्राच्या पलीकडे आहे.

समजा, ठाण्याच्या न्यायालयात आपण परदेशी खरीददाराविरुद्ध दावा जिंकलो. हुकूमनामा हातात आला, पण त्याची मालमत्ता इथे नाही. तो हुकूमनामा घेऊन त्याच्या देशात गेलो तर तिथले न्यायालय तो मानेलच असे नाही. दोन देशांत तशी व्यवस्था असावी लागते. अमेरिकेशी आपली अशी व्यवस्था नाही. संयुक्त अरब अमिरातीतील न्यायालयांचे हुकूमनामे आपल्याकडे थेट बजावता येतील, अशी अधिसूचना केंद्र सरकारने जानेवारी २०२० मध्ये काढली. दुबईत देणे बुडवून गावी येऊन बसलेल्या माणसाला आता पूर्वीसारखे निर्धास्त राहता येणार नाही, हेही यावरून समजून घ्यावे.

लवादाच्या निवाड्याचे तसे नाही. १० जून १९५८ रोजी न्यूयॉर्क येथे एक आंतरराष्ट्रीय करार झाला. त्यात सामील झालेल्या देशाने दुसऱ्या देशात झालेला लवादाचा निवाडा मानायचा आणि बजावायचा, असे ठरले. भारताने त्याला १९६० साली मान्यता दिली. आज १७० हून अधिक देश त्यात आहेत. कुवेत १९७८ साली, सौदी अरेबिया १९९४ साली आणि अमिराती २००६ साली त्यात आले. तेव्हा मुंबईत मिळालेला निवाडा घेऊन रियाधच्या किंवा दुबईच्या न्यायालयात जाण्याचा रस्ता कायद्याने खुला आहे.

याची एक मर्यादा मात्र आहे. बाहेरचा निवाडा या कराराखाली भारतात बजावायचा तर तो देश भारत सरकारने राजपत्रात जाहीर केलेला असावा लागतो. करारात सामील झालेला प्रत्येक देश आपल्या यादीत नाही. लवादासाठी परदेशातले शहर ठरवण्यापूर्वी तो देश यादीत आहे का, हे वकिलाकडून तपासून घ्यावे.

एक जुना धडा : १९२०-२१

ही व्यवस्था नव्हती तेव्हा काय होत असे, याचा दाखला कापडाच्याच धंद्यात आहे. पहिल्या महायुद्धानंतर, १९२० च्या आरंभी, रुपयाचा भाव चढून २ शिलिंग १० पेन्सच्या आसपास गेला. विलायती कापड स्वस्त पडू लागले. आपल्या आयातदारांनी मँचेस्टरकडे मोठमोठ्या ऑर्डरी नोंदवल्या. माल येईपर्यंत रुपया घसरला. १९२१ साली तो १ शिलिंग ४ पेन्सच्याही खाली आला.

हिशेब करून पाहावा. १०० पौंडांच्या मालासाठी ज्याने सुमारे ७०६ रुपये धरले होते, त्याला आता १,५०० हून अधिक रुपये मोजावे लागणार होते. दिल्ली, कलकत्ता अशा पेठांतल्या व्यापारी संघटनांनी ठराव केले की २ शिलिंगांपेक्षा कमी दराने हुंड्या भरायच्या नाहीत. इंग्रज निर्यातदार म्हणाले, करार म्हणजे करार. माल गोद्यांत पडून राहिला आणि दोन्हीकडचे व्यापारी बुडाले. दोघांनाही मान्य होईल असा फैसला करणारा आणि तो समुद्रापार बजावणारा कोणी नव्हता. लवादाच्या करारांना आंतरराष्ट्रीय मान्यता देणारा जिनिव्हाचा मसुदा १९२३ साली आला, पॅरिसच्या आंतरराष्ट्रीय व्यापार मंडळाचे लवाद न्यायालयही त्याच साली सुरू झाले. निवाडे बजावण्याविषयीचा करार १९२७ साली झाला आणि आपल्याकडे त्यासाठीचा कायदा १९३७ साली झाला. व्यापाऱ्यांची गरज आधी आणि कायदा मागून, असेच नेहमी होत आले आहे.

आपल्याकडची प्रकरणे काय सांगतात

परदेशातला निवाडा इथे कोण बजावतो, असे म्हणून पत्र फेकून देणारे महाभाग आम्ही पाहिले आहेत. त्यांच्यासाठी काही प्रकरणे सांगतो.

पहिले प्रकरण तांदळाचे. मुंबईच्या फूलचंद एक्सपोर्ट्सने एका रशियन कंपनीशी १,००० टन तांदळाचा सौदा केला. वाद झाला आणि मॉस्कोतल्या व्यापार मंडळाच्या लवाद न्यायालयाने निवाडा मुंबईच्या कंपनीविरुद्ध दिला. तो निवाडा घेऊन रशियन कंपनी मुंबई उच्च न्यायालयात आली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १२ ऑक्टोबर २०११ रोजी मॉस्कोचा निवाडा कायम झाला. आमच्या भागात तांदूळ पिकवणारा शेतकरी मॉस्कोचे नाव नकाशावर दाखवू शकणार नाही. पण मॉस्कोत बसलेल्या लवादांचा शब्द मुंबईच्या व्यापाऱ्यावर चालला.

दुसरे प्रकरण गव्हाचे. १९९४ साली श्री लाल महाल या निर्यातदाराने एका इटालियन कंपनीशी २०,००० टन ड्युरम गव्हाचा सौदा केला. माल चढवताना तपासणीचा दाखला घेतलेला होता. माल पोचल्यावर खरीददार म्हणाला, हा ड्युरम नाही, साधा मऊ गहू आहे. धान्य व्यापाऱ्यांच्या लंडनच्या गाफ्टा या संस्थेकडे लवाद झाला. तिथल्या अपील मंडळाने तो तपासणीचा दाखला ग्राह्य धरला नाही आणि १९९८ साली निकाल विक्रेत्याविरुद्ध गेला. इथे विक्रेत्याने दाखल्याचा मुद्दा पुन्हा उकरून काढला. ३ जुलै २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की परदेशी निवाडा बजावताना आम्ही मूळ वादाची फेरतपासणी करणार नाही. सौद्याला एकोणीस वर्षे झाली होती. आपले जे काही म्हणणे आहे, जे कागद आहेत, ते लवादापुढेच पूर्णपणे मांडायचे असतात. नंतर दुसरी संधी मिळत नाही.

तिसरे प्रकरण मुंबईच्याच एका केबल कंपनीच्या भागीदारांचे. इटालियन भागीदाराशी वाद झाला, लंडनच्या लवादाचा निवाडा विरुद्ध गेला आणि त्यांनी इथे तो अडवण्याचा प्रयत्न केला. १३ फेब्रुवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने अपील फेटाळले आणि वर ५० लाख रुपये खर्चाचा भुर्दंड बसवला. कारण नसताना अडवणूक करणाऱ्यांना न्यायालय आता सोडत नाही.

उलट बाजूही आहे. नाफेड या सहकारी संस्थेने १९८० साली भुईमूग शेंगदाणे निर्यातीचा करार केला होता. पुढे सरकारने निर्यातीला परवानगी नाकारली, माल गेला नाही आणि लंडनच्या लवादाने भरपाई द्यायला सांगितले. २२ एप्रिल २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निवाडा बजावण्यास नकार दिला, कारण सरकारच्या मनाईविरुद्ध माल पाठवणे हे आपल्या कायद्याच्या मूळ धोरणाला धरून नव्हते. म्हणजे न्यायालय डोळे झाकून शिक्का मारत नाही. पण चाळीस वर्षे लढत बसणे नाफेडला झेपले. आपल्यासारख्याचे दुकान चाळीस वर्षांत चार वेळा बंद होईल.

आमच्या धंद्याच्या जवळचा दाखला कापसाचा आहे. जगातला बराचसा कापूस लिव्हरपूलच्या इंटरनॅशनल कॉटन असोसिएशनच्या नियमांनुसार विकला जातो. ही संस्था १८४१ सालची. आताचे नाव तिने २००४ साली घेतले. मार्च २०११ मध्ये न्यूयॉर्कच्या बाजारात कापसाचा भाव पौंडाला २ डॉलरच्या वर गेला होता. वर्षअखेर तो १ डॉलरच्याही खाली आला. चढ्या भावाने सौदे केलेल्या अनेक देशांतल्या गिरण्यांनी माल उचलला नाही. लिव्हरपूलला दाव्यांची रीघ लागली. निवाडा होऊनही जो पैसे देत नाही त्याचे नाव ही संस्था एका यादीत घालते आणि तिच्या सभासदांना त्याच्याशी व्यवहार करण्यास बंदी असते. हा तोच जुना बाजाराचा वचक आहे, फक्त बाजार आता जगाएवढा झाला आहे.

आणि दाभोळ कोणाला माहीत नाही? गुहागर तालुक्यातला वीज प्रकल्प १९९५ साली राज्य सरकारने रद्द केला, तेव्हा कंपनी लंडनच्या लवादाकडे गेली. १९९६ साली नवा करार होऊन ते मिटले. २००१ साली पुन्हा भांडण झाले आणि ते मिटायला २००५ साल उजाडले. ज्यांच्याकडे वकिलांची फौज असते त्या सरकारलाही करारातल्या कलमांनी बांधून ठेवले, तिथे आपली काय कथा?

सही करण्यापूर्वी

आम्ही वकील नाही. मोठ्या सौद्यासाठी वकील गाठावाच. पण ठेच खाल्लेल्या माणसाच्या नात्याने पुढील गोष्टी सांगतो.

१. कागदाची मागची बाजू वाचा. इंग्रजी येत नसेल तर ज्याला येते त्याच्याकडून वाचून घ्या. सही केल्यावर "मला समजले नव्हते" हे कोणी ऐकत नाही.

२. लवादाचे ठिकाण, ज्याला कायद्यात सीट म्हणतात, ते सर्वांत महत्त्वाचे. निवाडा रद्द करण्याचा अधिकार त्या ठिकाणच्या न्यायालयांना असतो. ६ सप्टेंबर २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बाल्को प्रकरणात स्पष्ट केले की लवादाची सीट परदेशात असेल तर भारतातले न्यायालय तो निवाडा रद्द करू शकत नाही. शक्य असेल तर सीट मुंबई मागा. २०१६ सालापासून मुंबईत आंतरराष्ट्रीय लवाद केंद्र चालू आहे. खरीददार मुंबईला तयार नसेल तर दोघांनाही जवळचे आणि परवडणारे शहर ठरवा. सिंगापूरला १९९१ पासून आणि दुबईला १९९४ पासून अशी केंद्रे आहेत.

३. लवाद किती, हे लिहा. छोट्या सौद्याला एकच पुरे. तीन लवाद म्हणजे तीन फी. आपल्या कायद्यानुसार संख्या लिहिलीच नसेल तर एकच लवाद धरला जातो, आणि संख्या सम असू शकत नाही.

४. लवाद नेमण्याचा अधिकार एकट्या समोरच्या पक्षाला देऊ नका. ज्याचा वादात हितसंबंध आहे त्याने एकट्याने लवाद नेमायचा, हे आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०१९ सालीच अमान्य केले आहे.

५. भाषा आणि कायदा लिहा. कामकाज कोणत्या भाषेत आणि कराराला कोणत्या देशाचा कायदा लागू, हे नंतर ठरवू म्हटले की तेच पहिले भांडण होते.

६. मालाचा दर्जा आकड्यांत लिहा. "चांगले कापड" याला लवादापुढे अर्थ नाही. सुताचा काउंट, रीड-पिक, पन्हा, वजन, रंगाचा पक्केपणा आणि दोष मोजण्याची पद्धत लिहा. दोघांच्या सहीशिक्क्याचा नमुना ठेवा. तपासणी कोण करणार, कुठे आणि कोणत्या पद्धतीने करणार, हेही करारात घाला आणि अगदी तशीच तपासणी करून घ्या. गव्हाच्या प्रकरणातला दाखला विसरू नका.

साधे कलम असे असू शकते : "या करारातून अथवा त्यासंबंधी उद्भवणारा कोणताही वाद लवादाकडे सोपवला जाईल. लवाद एक असेल. लवादाची सीट मुंबई राहील. कामकाजाची भाषा इंग्रजी राहील. या कराराला भारतीय कायदा लागू राहील." चार-पाच ओळी आहेत. आमच्या त्या ऑर्डरच्या कागदावर त्या असत्या तर मावसभावांचे माग वाचले असते.

लवादाचा करार लेखी असावा लागतो. त्यासाठी स्टॅम्प पेपरवर मोठा दस्तच हवा असे नाही. पत्रव्यवहारातून तो होऊ शकतो, आणि २०१५ च्या दुरुस्तीपासून ई-मेलसारख्या इलेक्ट्रॉनिक निरोपांतूनही होऊ शकतो. म्हणूनच मोबाईलवर आलेल्या अटींना घाईघाईने "ओके" म्हणण्यापूर्वी दोनदा वाचा.

तंटा उभा राहिलाच तर

सर्वप्रथम, आलेल्या नोटिशीला उत्तर द्या. आमच्याकडे रजिस्टर पत्र न घेता पोस्टमनला परत पाठवण्याची एक चाल आहे. लवादात ती अंगाशी येते. तुम्ही आला नाहीत म्हणून लवाद थांबत नाही. तो एकतर्फी निवाडा देऊ शकतो. नोटीस मुळीच मिळाली नाही, हा बचाव कायद्यात आहे. नोटीस मिळाली पण आपण गेलो नाही, हा बचाव नाही.

दुसरे, मुदत सांभाळा. आपल्याकडे अशा येण्यासाठी लवाद सुरू करण्याची मुदत साधारणतः तीन वर्षांची असते. पण परदेशातल्या काही व्यापारी संस्थांच्या नियमांत ती फार कमी, कधी काही दिवसांची असते.

तिसरे, समोरच्याचा माल किंवा पैसा भारतात असेल आणि तो हलवण्याची भीती असेल तर लवाद सुरू होण्यापूर्वीही न्यायालयाकडून तात्पुरती मनाई मिळू शकते. २०१५ च्या दुरुस्तीनंतर, करारात उलट लिहिलेले नसेल तर, सीट परदेशात असतानाही ही सोय मिळते.

चौथे, विम्यावर विसंबून राहू नका. ई.सी.जी.सी. ही सरकारी संस्था १९५७ पासून निर्यातदारांना विम्याचे छत्र देते आणि ते जरूर घ्यावे. पण खरीददाराने मालाच्या दर्जावरून वाद उभा केला असेल तर, त्याच्या देशातल्या न्यायालयाकडून आपल्या बाजूने हुकूम मिळेपर्यंत, असे नुकसान साधारणतः विम्यात येत नाही. आम्हाला हे फार उशिरा कळले.

पाचवे, लवादाच्या दारात जाण्यापूर्वी एकदा समोरासमोर बसा. लवाद हा कोर्टापेक्षा बरा, पण फुकट नाही. वाद लहान असेल तर खर्चच वाद गिळून टाकतो. काही सोडून काही मिळवण्यात कमीपणा नाही. करारातच लिहून ठेवावे की वाद झाल्यास अमुक दिवस आधी तडजोडीचा प्रयत्न होईल, आणि तो फसला तरच लवाद.

शेवटी

उधारीचा व्यवहार, लहान असो वा मोठा, मुदतीसह लिहून ठेवा आणि साक्षीदार ठेवा, ही ताकीद सूरह बकरामध्ये आली आहे, हे आपल्यातल्या प्रत्येकाला माहीत आहे. तरीही धंद्यात आपण तोंडी शब्दावर चालतो आणि त्याला भरवसा म्हणतो. लिहून घेणे म्हणजे समोरच्यावर संशय घेणे नव्हे. दोघांपैकी उद्या कोणी मेले, कोणाची बुद्धी फिरली किंवा बाजार कोसळला, तर लिहिलेला कागद दोघांच्याही मुलांना भांडणातून वाचवतो.

मावसभाऊ आजही भिवंडीत आहेत. माग थोडे आहेत, पण चालू आहेत. २०१४ साली त्यांना पुन्हा एक परदेशी ऑर्डर आली. या वेळी त्यांनी कागद घेतला तो थेट आमच्या दुकानात. डोळखांबला बाहेर पाऊस कोसळत होता, लाईट गेली होती. आम्ही दोघांनी टॉर्च लावून आधी मागची बाजू वाचली. तिथे पुन्हा लंडन आणि तीन लवाद होते. आम्ही ते खोडले, मुंबई आणि एक लवाद असे लिहिले, शेजारी सही केली आणि कागद परत पाठवला. आठ दिवसांनी खरीददाराची सही होऊन तो आला. त्याने एका शब्दाने हरकत घेतली नव्हती. २००८ सालीही आम्ही इतकेच करू शकलो असतो.